आवणी म्हणजे सात जून

नोकरीत होते तोवर मला कुणी "मावशी, तुमचा अनुभव काय" असं विचारलं नाही. विचारायचे ते "मावशी, बेडपॅन कुठंय." आता गुडघे गेले, नोकरी सुटली, तर आमच्या गल्लीतली अंक काढणारी मुलगी घरी येऊन बसली. म्हणे, तुमच्या कामाबद्दल लिहा, पण जरा सकारात्मक लिहा. सकारात्मक लिहिणारे पुष्कळ आहेत बाई. त्यांच्या हाताला फिनेलचा वास लागलेला नसतो एवढंच. मी बोलते तसंच लिहिणार. माझी शाळा चौथीपर्यंत, पुढचं शिक्षण किराण्याच्या पुड्यांच्या कागदांवर झालेलं, तेव्हा ऱ्हस्व-दीर्घ तिनं बघून घ्यावं.

पंचवटीच्या बाजूला एक खाजगी बाळंतपणाचं हॉस्पिटल आहे. नाव सांगत नाही, त्यांचं मीठ खाल्लंय. तिथे मी तीसेक वर्षं आया होते. आया काय करते हे लोकांना नीटसं माहीत नसतं. डॉक्टर येतात मूल बाहेर येण्याच्या वेळेला. नर्स येते इंजेक्शनच्या वेळेला. त्याच्या मधलं सगळं, म्हणजे पाठ चोळणं, ओकारी पुसणं, रक्ताचे कपडे, बाळाची पहिली अंघोळ, आणि बाहेर बसलेल्या सासूला शांत करणं, हे आया करते. पेढे मात्र डॉक्टरांना.

माझं आणखी एक काम होतं, ते नेमणुकीच्या कागदावर नव्हतं. मी मूळची हरसूलकडच्या पाड्यावरची. द्राक्षांच्या दिवसांत आमच्या डोंगराकडची माणसं बागांमध्ये कामाला उतरतात, बांधाला झोपड्या घालून पाच-सहा महिने राहतात. त्यांच्यातलं कुणी दवाखान्यात आलं की काउंटरवरून हाक यायची, "मावशी, तुमचे लोक आलेत." तुमचे लोक. जणू मी त्यांना घरातून सोबत घेऊनच ड्यूटीवर यायचे.

त्या लोकांना नाशिक म्हणजे परदेशच. बोली वेगळी, घड्याळ वेगळं, लिफ्टमध्ये पाय ठेवायचा तर आधी देवाचं नाव. आणि टेबलाच्या पलीकडे आमचे धाकटे डॉक्टर. मोठ्या डॉक्टरबाईंचे ते पुतणे. विलायतेत दहा-बारा वर्षं काढून आलेले, मराठी बोलायचे ते सुद्धा पायरी चुकेल की काय अशा बेतानं. म्हणजे टेबलाच्या दोन्ही बाजूंना परदेशी, आणि मधे मी, हातात पोछा.

एक सांगते. रक्तवाढीच्या गोळ्या लिहून दिल्या, दिवसातून तीनदा, जेवणानंतर. महिन्यानं बाई आली तर गोळ्या उरलेल्या. धाकटे डॉक्टर मला म्हणाले, "मावशी, हे लोक सीरियस नाहीत." मी तिला बाजूला घेतलं. ती म्हणाली, "बाय, बागेत जाताना खातो आन् आल्यावर खातो. तिसऱ्यांदा जेवतच नाय तर जेवणानंतरची कशी घेऊ?" मी डॉक्टरांना सांगितलं. त्यांना केवढं हसू आलं. चहाच्या खोलीत आठवडाभर तोच विनोद चालला होता. दोन वेळच्या जेवणात विनोद कुठे आहे हे मला आजवर सापडलेलं नाही.

दुसरी गोष्ट कळांची. डॉक्टर विचारायचे, "एक ते दहामध्ये दुखणं किती?" आता दुखण्याला कुणी पायलीनं मोजतं का? त्यात आमच्याकडच्या बायका बाळंतपणात ओरडत नाहीत. झोपडीला एकच दार असतं आणि दाराशी सासरा बसलेला असतो. तोंडात पदर कोंबून कळा काढायच्या, हीच रीत. तर एका पोरीनं एवढासाही आवाज केला नाही. डॉक्टरांनी वाकून बघितलं, म्हणाले, "कम्फर्टेबल आहे, वेळ लागेल," आणि जेवायला गेले. त्यांची पोळी ताटात पडायच्या आत मूल माझ्या हातात. मी तिच्या पायाची बोटं बघत होते ना. आमच्या बाईची कळ तोंडावर दिसत नाही, पायाच्या अंगठ्यात दिसते. हे विलायतेत शिकवत नसावेत.

अशा गोष्टी सांगत बसले की माझी मीच मला शहाणी वाटायला लागते. म्हणून आता जी सांगायचीच नव्हती ती सांगते.

थंडीचे दिवस होते. बागेतून तिघं आली. भागीबाई, तिचा मुलगा देवराम, आणि सून रंजना. रंजनाला ताप होता आणि दिवस गेलेले होते. भागीबाई पाड्यावरची सुईण, हाडानं चिवट, कपाळावर गोंदण. ती आत येऊन खुर्चीवर न बसता खाली बसली आणि डॉक्टरांकडे वरून खाली बघावं तसं खालून वर बघत राहिली.

डॉक्टरांनी विचारलं, "लास्ट पाळी कधी?"

रंजना मान खाली घालून. भागीबाई म्हणाली, "आमच्या आवणीत आल्ती. मंग नाय आली."

डॉक्टर माझ्याकडे वळले. मी तेव्हा दोन नंबरच्या खाटेची चादर काखेत घेऊन चालले होते.

"मावशी, आवणी म्हणजे?"

"भाताची लावणी हो. पावसात करतात ती."

"पाऊस इथे कधी सुरू होतो?"

"मृगाला. सात जूनला."

त्यांनी कॉम्प्युटरमध्ये टाकलं, सात जून. मी चादर घेऊन पुढे गेले. एवढंच झालं. तांब्या भरायलाही याहून जास्त वेळ लागतो.

आता शहरातल्या माणसांसाठी सांगते, म्हणजे मी काय करून ठेवलं ते कळेल. पाऊस पडला की भात लावत नाहीत. आधी उन्हाळ्यात पालापाचोळा टाकून जमीन भाजतात, त्याला राब म्हणतात. पाऊस आला की त्यात बी टाकायचं. रोपं वीत-दीड वीत व्हायला तीन-चार आठवडे जातात. मग ती उपटून चिखलात लावायची, ती आवणी. बरं, ती सुद्धा आधी स्वतःच्या वावरात नाही. ज्यांच्याकडे माणसं कमी त्यांच्या आवणीला मजुरीनं जायचं, ती उरकून घरी यायचं आणि शेवटी आपला डोंगरउतारावरचा तुकडा. भागीबाई "आमच्या आवणीत" म्हणाली होती. आमच्या. म्हणजे नागपंचमीच्या आगेमागे. मृगापासून दोन महिने पुढे. आणि हे मला माहीत नव्हतं असं नाही. लहानपणी त्याच चिखलात माझ्या पायाची बोटं कुजलेली आहेत. पण मी तिथे हरसूलची राहिले नव्हते, पांढऱ्या भिंतीची झाले होते. डॉक्टरांनी विचारलं, फटकन उत्तर दिलं, हुशारी दाखवली.

डॉक्टरांनी सोनोग्राफी लिहून दिली होती, ती तेव्हाच झाली असती तर चूक तिथल्या तिथे कळली असती. लवकरच्या सोनोग्राफीत बाळाचं वय नेमकं कळतं म्हणतात. पण सोनोग्राफीला बोलावलेला दिवस नेमका बागेत डिपिंगचा. द्राक्षाचे घड औषधात बुडवायचे असतात, एक दिवस हुकला की मणी फुगत नाही. मुकादमानं सोडलं नाही. घडाचं वेळापत्रक सगळ्यांना पाठ असतं, बाईच्या पोटाचं कुणालाच नाही.

मार्च संपत आला तेव्हा रंजना पाय सुजले म्हणून आली. डॉक्टरांनी कॉम्प्युटर बघितला आणि उठूनच उभे राहिले. सात जूनच्या हिशेबानं दिवस भरून पंधरवडा उलटला होता. आता सोनोग्राफी झाली. त्यात बाळ लहान दिसलं. डॉक्टरांनी दोन्ही जोडलं, दिवस वर गेलेत आणि बाळ वाढलेलं नाही, आत उपाशी आहे, आजच्या आज काढायला पाहिजे. आता विचार करा, बाळ लहान दिसतं म्हणजे कदाचित ते लहानच असेल, हे कुणाच्या मनात यायला हवं होतं? पण कॉम्प्युटरमध्ये तारीख होती, आणि तारखेवर शंका घ्यायची पद्धत नव्हती. माणसांवर घ्यायची होती.

भागीबाईनं सुनेच्या पोटावर दोन्ही तळवे ठेवले, डोळे मिटले, आणि म्हणाली, "नाय. अजून झालं नाय. करवंदं पिकतील तवा हुईल."

मी डॉक्टरांना सांगितलं. ते म्हणाले, "मावशी, प्लीज. मी करवंदांसाठी थांबू शकत नाही."

"सासू सुईण आहे तिची," मी म्हटलं.

"देन इट्स वर्स," ते म्हणाले. एवढं इंग्रजी मला येतं.

मग म्हणाले, "तुम्ही समजवा त्यांना. तुमचं ऐकतील." आणि जाता जाता नर्सला सांगितलं, मावशींना खुर्ची दे. इतक्या वर्षांत त्या खोलीत मला पहिल्यांदा खुर्ची मिळाली. मी बसले. लिहिताना आत्ताही ती खुर्ची टोचते.

बसल्यावर, खरं सांगते, मला ते खटकलं. करवंदं म्हणजे वैशाख. वैशाखातून नऊ महिने मागे जा, श्रावण. श्रावण म्हणजे घरच्या आवणीचा शेवट. बोटांवर मोजायला मला चार पेरं पुरली. आणि तरीही मी तोंड उघडलं ते दुसऱ्याच गोष्टीसाठी.

भागीबाई म्हणाली, "बाय, तू आमच्याकडची ना?"

"हरसूलकडची."

"मंग तू सांग. तुझी लेक असती तर पोट फाडू दिलं असतंस आज?"

देवराम कडेला उभा होता, म्हणाला, "आये, सायेब शिकलेला हाय, त्याला काय..."

"तू गप. तुला मी काढलाय, सायबानं नाय." मग परत माझ्याकडे, "सांग."

मी म्हणाले, "मावशी, त्याला आवणी कळत नसेल, पण पोट कळतं. परदेशात शिकलाय. बाळ पोटातच गेलं तर मला बोलू नका मग." शेवटचं वाक्य मी मुद्दाम टाकलं. ते कुठल्याही सासूला टाकलं की ती वितळते, हे मला कामानं शिकवलं होतं. बायकांना वाचवायला वापरलेलं वाक्य होतं ते. त्या दिवशी ते मी डॉक्टरांच्या कॉम्प्युटरला वाचवायला वापरलं.

भागीबाईनं अंगठा पुढे केला. शाई लावताना म्हणाली, "सायबाच्या नाय, तुझ्या भरवशावर."

दुपारी मुलगी झाली. कापडात घेऊन पुसायला माझ्याकडेच आली. मी हजारोंनी बाळं पुसली असतील, मला वजनाचा काटा लागत नाही. खांद्यावर, पाठीवर लव. पायाच्या तळव्याला रेघा नाहीत, नुसता गुळगुळीत. आणि कान. दिवस भरलेल्या बाळाचा कान मुडपला तर उसळून सरळ होतो. हिचा मी मुडपला, तो ओल्या चिंधीसारखा मुडपलेलाच राहिला. मी धाकट्या डॉक्टरांकडे बघितलं. ते तळवेच बघत होते. विलायतेत एवढं शिकवत असणार. हातमोजे काढले आणि बाळांच्या डॉक्टरांना फोन लावायला गेले.

फाइलमध्ये काय लिहिलं ते मी नंतर नर्सकडून वाचून घेतलं. 'नातेवाइकांनी चुकीची तारीख सांगितली.' आता सांगा. त्यांनी तारीख सांगितलीच कुठे होती? त्यांनी आवणी सांगितली होती, आणि ती अगदी बरोबर सांगितली होती. तारीख आम्ही सांगितली. मी आणि डॉक्टरांनी मिळून, चादर काखेत असताना.

पोर जगली. काचेच्या पेटीत, नाकाला प्राणवायू लावून, तीन आठवडे. भागीबाई पेटीच्या खोलीबाहेर जमिनीवर बसून असायची. मी चहा नेऊन दिला तर घ्यायची. एकदाच म्हणाली, "आढी लावलीत जणू." आंबे पिकवायला घालतात ती आढी. मी कप उचलून निघून आले.

घरी सोडताना त्यांना एक कार्ड दिलं होतं. एवढ्या लवकर झालेल्या, प्राणवायूवर राहिलेल्या बाळांचे डोळे ठरावीक दिवसांत तपासावे लागतात, नाहीतर आतला पडदा बिघडतो. कार्डावर ते सगळं होतं, इंग्रजीत. तोंडी सांगायला मी नव्हते. मी कुठे होते? एका हॉटेलात. मॅनेजमेंटनं तिथे कार्यशाळा ठेवली होती, आदिवासी रुग्णांशी संवाद कसा साधावा. मुंबईच्या एक बाई आल्या होत्या. त्यांनी पडद्यावर चित्रं दाखवली आणि म्हणाल्या, या लोकांना लहान मुलांसारखं समजावून सांगायचं. चित्रातल्या आदिवासी कुटुंबाच्या मागे सोफा होता. दुपारी पनीर होतं. मला प्रमाणपत्र मिळालं, ते अजून कपाटात साड्यांच्या खाली आहे, कागद चांगला जाड आहे म्हणून.

बागा संपल्या, माणसं डोंगरात गेली. कार्ड रेशनकार्डाच्या पिशवीत गेलं. वर्ष-दीड वर्षानं देवराम कुणाला तरी भरती करायला आला, त्यानं सांगितलं, पोर हाक मारली की वळते, पण आवाजाकडे वळते, माणसाकडे नाही. एक डोळा गेला होता. दुसऱ्यानं अगदी जवळचं दिसायचं.

मी धाकट्या डॉक्टरांना जाऊन सांगितलं. ते वाईट माणूस नव्हते हो, हाच तर वैताग आहे. वाईट असते तर शिव्या देऊन मोकळी झाले असते. त्यांनी चष्मा काढला, पुसला, आणि म्हणाले, "सो अनफॉर्च्युनेट. त्यांनी फॉलोअप केला नाही."

त्या दिवसापासून मी एक केलं. कापडाच्या दुकानाचं जुनं कॅलेंडर उलटं केलं आणि मागच्या कोऱ्या बाजूला स्केचपेननं आमचं वर्ष लिहिलं. राब भाजला, बी टाकलं, लोकांची आवणी, घरची आवणी, नागली कापली, बागेत उतरलो, डिपिंग, द्राक्षांचा खुडा, मोहाची फुलं पडली, करवंदं. प्रत्येकासमोर महिना. तपासणीच्या खोलीत टाचलं आणि नर्सना सांगितलं, तारीख विचारू नका, याच्यावर बोट ठेवायला सांगा, आणि आवणी म्हणाली तर कुणाची ते विचारा. चाललं ते. बायका सांगायला लागल्या, नर्सा मोजायला लागल्या. दोन वर्षांनी धाकटे डॉक्टर कुठल्याशा परिषदेला गेले, परत आल्यावर कॅलेंडर खाली उतरवून चौकटीत घातलं आणि रिसेप्शनला लावलं, पाहुण्यांना दिसावं म्हणून. खाली इंग्रजीत पाटी. तपासणीच्या खोलीत मोकळा खिळा राहिला. चौकटीला काच असल्यामुळे बोट ठेवता येत नाही, असं मी एकदा म्हटलं होतं. ते म्हणाले, "मावशी, ते आता हेरिटेज आहे."

निवृत्त झाल्यावर मी दर वैशाखात भावाकडे जाते. पहिल्या वर्षी हरसूलच्या बाजारात गेले तर रस्त्याच्या कडेला भागीबाई बसलेली. पुढे करवंदांची पाटी, शेजारी आठ-नऊ वर्षांची मुलगी, जाड भिंगाचा चष्मा, एका बाजूनं दोरीनं बांधलेला. मी वळून परत जाणार होते. पण म्हातारीनं बघितलं होतं.

"बस," ती म्हणाली. मी बसले, जमिनीवर, गुडघे नको म्हणत असताना.

"दवाखान्यात असतीस का अजून?"

"नाही. संपली नोकरी."

"सायेब?"

"आहेत."

"बरा हाय ना?"

"बरे आहेत."

"मंग त्याला ने थोडी. त्याला थांबायचं नव्हतं ना." आणि नातीला म्हणाली, "दीपाले, बायला भरून दे. तुझ्या जन्माच्या टायमाला व्हती ही."

मुलीनं पळसाच्या पानाचा द्रोण केला. मग पाटीत हात घातला. बघत नव्हती ती, पाटीकडे तोंडही नव्हतं. एकेक करवंद उचलायची, अंगठ्यानं हलकं दाबायची, नाकाशी न्यायची आणि द्रोणात टाकायची. काळीभोर, मऊ, एकही कच्चं नाही. इतकी भरभर की डोळसाला जमू नये. मी बघत राहिले. मला म्हणायचं होतं काहीतरी, तेवढ्यासाठीच तर बसले होते. तोंड उघडणार तेवढ्यात तिचा हात थांबला. एक करवंद तिनं दाबलं, पुन्हा दाबलं, आणि पाटीत परत ठेवलं.

"हे नाय झालं अजून," ती म्हणाली.

भागीबाई माझ्याकडे बघत होती. मी द्रोण घेतला आणि उठले. डॉक्टरांकडे तो नेला नाही. बसस्टँडच्या बाकावर बसून सगळी करवंदं एकटीनं खाल्ली.